स्वप्नं जोडणारी बारव : कथेसाठी नियम हवेत, मदत करा

बोरूबहाद्दर

मंडळी, दिवाळी अंकासाठी एक अद्भुतकथा डोक्यात घोळतेय. गाभा ठरलाय, नियम ठरत नाहीयेत, म्हणून हा धागा.

मराठवाड्यातलं एक गाव, काळ १९२५-३० च्या आसपासचा, निजामी अमल. गावाच्या कडेला जुनी यादवकालीन बारव, म्हणजे पायऱ्यांची विहीर. तिचा गुण एवढाच, की तिच्या आसपास झोपलेल्यांची स्वप्नं एकमेकांत उघडतात. तुम्ही स्वप्नात स्वतःच्या वाड्यात फिरताय, माजघराचं दार ढकललंत तर पलीकडे शेजाऱ्याच्या स्वप्नातलं ज्वारीचं रान. गावाला हे पिढ्यान् पिढ्या ठाऊक आहे आणि त्यात कुणाला फार नवल वाटत नाही. कुणी बांधली, कशासाठी, हे मी सांगणार नाहीये.

अडलंय ते असं : जोडणी कशाने होते? पाण्याने, नादाने, पायऱ्यांच्या संख्येने? किती अंतरापर्यंत? आणि तिची किंमत काय? फुकटची जादू मला वाचायलाही आवडत नाही. हाणा.

कोपऱ्यावरची_काकू

आमच्या इमारतीत असलं काही निघालं तर पहिला ठराव बुजवण्याचा येईल. जागेपणी दिवसभर जिचं ऐकते तिचंच रात्रीही ऐकायचं?

बाकी कल्पना छान. खुर्ची टाकून बसलेय.

चिरेबंदी

बारव निवडलीस हे बरं केलंस, पण आधी ती नीट बघून ये. यादवकालीन म्हणतोस तर बांधणीत चुना दाखवू नकोस. चिरे घडवून खाचांमध्ये एकमेकांत बसवलेले असतात, सगळा भार दगडावर दगड असाच उतरतो. टप्प्याटप्प्याने आत उतरत जाणाऱ्या पायऱ्या, मधे थांबायला पडव्या, भिंतीत देवकोष्ठं. परभणी जिल्ह्यात वालूरला चक्राकार पायऱ्यांची बारव आहे. वरून डोकावलं की पायऱ्या गरगरत तळाला जाताना दिसतात. तुझ्या कथेला चौकोनीपेक्षा तो आकार जास्त शोभेल.

आणि बारवेवर मोट चालवायच्या मोहात पडलास तर त्याची सोय दाखव. मोटेला पाणी ओतायला थारोळं लागतं, बैलांना उतरायला धाव लागते, वर नाडा आणि खाली सोंदूर असे दोन दोर लागतात. पिण्याच्या पाण्याच्या प्रत्येक बारवेवर हे नसतं. दोन्ही एकत्र बघायचं असेल तर साताऱ्याजवळ लिंब गावाला जा. वीरूबाई भोसले यांनी १७१९ ते १७२४ या काळात बांधून घेतलेली विहीर, अष्टकोनी, सुमारे ११० फूट खोल, आणि विहिरीच्याच पोटात छोटासा महाल. नाव बारा मोटांची विहीर. ती तुझ्या काळातलीही नाही आणि प्रदेशातलीही नाही, पण पाण्यावर माणसं राहायची सोय करता येते हे तिथे डोळ्यांनी दिसतं. तुझे झोपणारे अशा ठिकाणी झोपतील.

जोडणी कशाने हे विचारशील तर माझं मत नादाला. रिकाम्या बारवेत तळाशी कुजबुजलेलं वरच्या पायरीवर ऐकू येतं, नेमकं कुठून आलं ते कळत नाही.

एका देवकोष्ठात शेषशायी विष्णू ठेव. झोपलेला देव, बाकी काही समजावून सांगायची गरज नाही.

निद्रानाशक

मी झोपेच्या तपासण्या करणाऱ्या ठिकाणी काम करतो, त्यामुळे जरा रुक्ष बोलतो.

अडचण अशी आहे की झोपलेले सगळे एकाच वेळी स्वप्नात नसतात. १९५३ मध्ये शिकागोत ॲसेरिन्स्की आणि क्लाइटमन यांनी झोपेतल्या डोळ्यांच्या जलद हालचाली नोंदवल्या. स्वप्नं सगळ्यात ठसठशीत पडतात ती झोपेच्या या टप्प्यात, त्याला रेम म्हणतात. रात्रभर साधारण नव्वद मिनिटांची आवर्तनं चालतात. सुरुवातीला रेमचे तुकडे छोटे असतात, पहाटेकडे लांबत जातात. मोठ्या माणसाच्या एकूण झोपेत रेमचा वाटा साधारण पाव भागाच्या आतबाहेर.

म्हणजे दहा माणसं आगेमागे झोपली तर मध्यरात्री त्यांची दारं एकमेकांसमोर यायची शक्यता कमी, पहाटे बरीच जास्त. पहाटेचं स्वप्न खरं होतं म्हणतात ना, तुझ्या गावात त्याला फुकटचं कारण मिळालं. आधी झोपणारी आजी आणि उशिरा येणारा जागल्या यांचं स्वप्न क्वचितच जुळावं. हा नियम घे, कथेत माणसांची वेळापत्रकं आपोआप महत्त्वाची होतील.

दुसरं, रेममध्ये शरीराचे स्नायू जवळजवळ लुळे पडलेले असतात, डोळे आणि श्वास सोडून. स्वप्नात पळालं तरी खाटेवरचा माणूस हलत नाही. म्हणून ‘सगळं गाव झोपेत चालत बारवेवर जातं’ असा प्रसंग लिहू नकोस, तो मोह तुला होणार.

बोरूबहाद्दर

तो प्रसंग लिहून झाला होता. खोडतो.

निद्रानाशक, एक विचारतो. झोपलेल्या माणसाशी बाहेरून बोलता येतं का? जोडणीचा काही खरा धागा?

निद्रानाशक

येतं, मर्यादित. आपण स्वप्नात आहोत याचं भान ज्यांना राहतं अशा लोकांवर २०२१ मध्ये एक अभ्यास छापून आला. अमेरिका, फ्रान्स, जर्मनी आणि नेदरलँड्स अशा चार देशांतल्या प्रयोगशाळा, ३६ माणसं. झोपेत असताना त्यांना सोपी गणितं घातली, ‘आठातून सहा गेले किती’ छापाची. काहींनी स्वप्नातूनच डोळे डावी-उजवीकडे हलवून बरोबर उत्तर दिलं. बरोबर उत्तरांचं प्रमाण पाचातल्या एकाहूनही कमी होतं, पण होतं. एकाला प्रश्न आकाशवाणीसारखा ऐकू येतो, दुसऱ्याला गाडीतल्या रेडिओवर, अशा थाटाचं हे प्रकरण आहे. मात्र हा जागा-झोपलेला असा संवाद आहे. झोपलेला-झोपलेला नाही.

तिरकस_तुकडा

झोपलेल्याच्या स्वप्नात नुसत्या मनाने काही पाठवायचंही करून बघितलंय की. ब्रुकलिनच्या मायमॉनिडीज रुग्णालयात उलमन आणि क्रिपनर हे दोघे बरीच वर्षं स्वप्नातल्या मनोसंक्रमणाचे (टेलिपथीचे) प्रयोग करत होते. १९७१ च्या फेब्रुवारीत त्यांनी पोर्ट चेस्टरला ग्रेटफुल डेड बँडच्या कार्यक्रमांत पडद्यावर चित्र दाखवलं आणि हजारोंच्या प्रेक्षकांना सांगितलं, ब्रुकलिनला झोपलेल्या अमक्या माणसाच्या स्वप्नात हे पाठवा. प्रेक्षकांपैकी किती जण स्वतःच दुसऱ्या लोकात होते ते विचारू नका. पुढे इतरांनी प्रयोगशाळेतले प्रयोग पुन्हा करून बघितले तर तसे निकाल काही धडपणे हाती लागेनात.

थोडक्यात, चमत्कारासाठी सभागृहापेक्षा बारव स्वस्त पडते.

टाळमृदुंग

किंमत काय, हा प्रश्न तुम्ही विचारलात आणि सगळे झोपेकडे वळले. किमतीबद्दल आपल्याकडे आधीच लिहून ठेवलेलं आहे.

तुकोबांना गुरूपदेश झाला तो स्वप्नात. गंगास्नानाला जाता वाटेत गाठ पडली, मस्तकावर हात ठेवला, बाबाजी असं आपलं नाव सांगितलं, ‘रामकृष्ण हरि’ हा मंत्र दिला. तिथी माघ शुद्ध दशमी, वार गुरुवार. आणि मधेच एक ओळ येते जी मला सगळ्यात जास्त प्रिय आहे : गुरूंनी भोजनाला पावशेर तूप मागितलं आणि त्याचा स्वप्नात विसर पडला. एवढा मोठा प्रसंग, आणि माणसाला रुखरुख तुपाची! सेवा काहीच घडली नाही, ही टोचणी त्या अभंगात पहिल्या चरणापासून आहे.

दुसरं टोक हरिश्चंद्र. आपल्याकडे रूढ असलेल्या कथेत राज्याचं दान तो स्वप्नात करतो, आणि सकाळी विश्वामित्र दारात उभे. स्वप्नातला शब्द म्हणून तो नाकारत नाही.

तेव्हा तुमच्या बारवेचा नियम असा ठेवा : स्वप्नात घेतलेलं देणं जागेपणी फेडावं लागतं. शेजाऱ्याच्या स्वप्नातल्या आंब्याचा एक आंबा खाल्लात, तर सकाळी त्याच्या ओसरीवर एक आंबा नेऊन ठेवायचा. गाव त्यावर चालतं. भांडणंही त्यावरच होतात.

कोपऱ्यावरची_काकू

हा नियम पक्का घ्या हो. पावशेर तुपाचे हाली शिक्क्यात किती होतात यावर चावडीवर वाद, मला दिसायलाच लागला.

चिरेबंदी

+१. निजामी मुलखात हाली रुपया, हे काकूंनी अचूक पकडलं. कथेत कुठेही इंग्रज सरकारचा रुपया खुळखुळू देऊ नकोस.

अथेन्स_व्हाया_आकुर्डी

धागा आज वाचला. ज्या वास्तूबद्दल तुम्ही बोलताय ती ग्रीसमध्ये होती. एपिडॉरस, अस्क्लेपिअस या वैद्यदेवाचं क्षेत्र, उमेदीचा काळ इसवीसनापूर्वीचं चौथं शतक. आपल्याकडचे पर्यटक तिथलं नाट्यगृह बघतात, तळाला नाणं टाकून वरच्या रांगेत आवाज येतो का ते तपासतात आणि बसमध्ये बसतात. खरी जागा खाली देवळाजवळ आहे : आबाटोन, म्हणजे रुग्णांनी रात्री झोपायची लांबलचक ओवरी. जमिनीला उतार असल्याने तिचा पश्चिमेचा भाग दोन मजली. आधी स्नान, मग देवाला नैवेद्य-बळी, मग तिथे आडवं व्हायचं आणि देव स्वप्नात येण्याची वाट बघायची. कुणाला तो कापून बरं करतो, कुणाला औषध लावतो, एका बोटं अधू झालेल्या माणसाच्या स्वप्नात तर फासे खेळताना त्याच्या हातावर उडी मारून बोटं ताणतो.

ही स्वप्नं दगडी शिळांवर कोरून आवारात उभी केलेली होती. इसवीसनाच्या दुसऱ्या शतकात पॉसेनियस हा प्रवासी तिथे गेला तेव्हा सहा शिळा उरल्या होत्या, पूर्वी जास्त होत्या असं तो लिहितो. १८८१ पासून काव्वादियास यांनी उत्खनन केलं त्यात काही सापडल्या, त्यावरच्या जवळजवळ सत्तर गोष्टी आज वाचता येतात.

बोरूबहाद्दर, त्यातली एक खास तुमच्यासाठी. स्पार्टाची अराता नावाची मुलगी, जलोदर झालेला. ती येऊ शकत नव्हती, म्हणून तिची आई तिच्या वतीने एपिडॉरसला येऊन झोपली. आईला स्वप्न पडलं की देवाने मुलीचं डोकं कापून वेगळं केलं, धड उलटं टांगलं, सगळं पाणी वाहून गेलं, आणि मग डोकं पुन्हा मानेवर बसवलं. आई घरी परतली तर मुलगी बरी झालेली, आणि तिला स्पार्टात तेच स्वप्न पडलेलं. म्हणजे आडवी जोडणी, लांब पल्ल्याची. झोपायला फक्त एकीने त्या ओवरीत असणं पुरलं.

किंमतही आहे. अथेन्सची एका डोळ्याने आंधळी अँब्रोसिया, शिळा वाचून हसली, लंगडे-आंधळे नुसत्या स्वप्नाने बरे कसे होतील म्हणाली. देवाने बरं केलं, पण मोबदल्यात चांदीचं डुक्कर मागितलं, तिच्या अडाणीपणाची आठवण म्हणून. आणि एक महाभाग आत काय चालतं ते बघायला झाडावर चढला, पडला, डोळ्यांना इजा करून घेतली आणि शेवटी त्याच देवाला शरण गेला. तिरकस_तुकडा, हे तुम्हाला उद्देशून नाही.

आता मला काय वाटतं ते. रुग्ण झोपण्याआधी आवारात फिरत, त्या शिळा वाचत किंवा वाचून घेत. चांदीच्या डुकराची गोष्ट, टांगलेल्या धडाची गोष्ट, सापाची, कुत्र्याची. शेकडो लोक तेच वाचून, तसंच स्नान-नैवेद्य करून, तसल्याच आशेने शेजारी शेजारी झोपले तर स्वप्नं एका घाटाची पडणारच. जोडणी झोपेत होत नव्हती. ती संध्याकाळी शिळेसमोर सुरू व्हायची आणि सकाळी सांगताना पुरी व्हायची. आई परत गेलीच नसती किंवा मुलगी काही बोललीच नसती तर दोन स्वप्नं दोन ठिकाणी राहिली असती. तुमच्या बारवेवर सकाळी पाणी भरायला कोण येतं आणि काय बोलतं, ते आधी लिहा.

बर्लिनकर_ताई

वरच्या प्रतिसादाला जोडून. देव, दगड काहीही नसताना एका शहराची स्वप्नं जुळल्याचं उदाहरण इथलंच आहे. शार्लोट बेराट या पत्रकार बाईंनी १९३३ पासून, हिटलर सत्तेवर आल्यावर, बर्लिनमध्ये ओळखीपाळखीच्या लोकांना पडणारी स्वप्नं गुपचूप टिपून ठेवली. सांकेतिक शब्दांत लिहायची, पुस्तकांच्या बांधणीत लपवायची. १९३९ मध्ये त्या देश सोडून गेल्या, संग्रह पुस्तकरूपाने आला १९६६ मध्ये. त्यातला एक डॉक्टर स्वप्नात निवांत वाचत पडलाय आणि एकदम खोलीच्या भिंती नाहीशा होतात. बघतो तर आसपासच्या सगळ्याच घरांना भिंती नाहीत, आणि भोंग्यावरून भिंती रद्द केल्याचा हुकूम ऐकू येतो. वेगवेगळ्या थरांतल्या, एकमेकांना न ओळखणाऱ्या लोकांची अशी एका जातकुळीची स्वप्नं तिथे आहेत.

भिंत नसणं तुमच्या कथेत आनंदाचं आहे, इथे भयाचं. दार कोण उघडतंय यावर ठरतं. गावच्या जहागीरदाराला बारवेचा गुण कळला तर तो तिथे पहिल्यांदा काय करेल?

बोरूबहाद्दर

कालपासून जोडणी कशाने यावर पानं भरत होतो, ती बाजूला ठेवली. सकाळचं पाणी भरणं हाच मुख्य प्रसंग करतो. बारवेच्या वरच्या टप्प्यावर बायका घागरी ठेवून स्वप्नं सांगतात, ज्यांची जुळली त्यांचं देणं-घेणं तिथेच ठरतं. अद्भुत तेवढंच, बाकी व्यवहार. जहागीरदाराचं कथानक मात्र नको, खलनायक आला की कथा त्याच्या मागे पळते.

पाणवठा

मी दोन दिवस वाट बघत होते की हे कुणीतरी विचारेल. १९२५-३०, मराठवाडा, गावाची बारव. सकाळी पाणी भरायला ‘बायका’ येतात. कुठल्या बायका?

महाडला चवदार तळ्यावर डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी सत्याग्रह केला तो २० मार्च १९२७ ला. सार्वजनिक पाणवठे खुले करण्याचा बोले यांचा ठराव मुंबई कायदे कौन्सिलात १९२३ मध्ये झालेला होता, महाडच्या नगरपालिकेनेही तळं खुलं केल्याचा ठराव केलेला होता, तरी पाणी प्यायल्यावर लोकांना मार खावा लागला आणि सवर्णांनी तळं ‘शुद्ध’ करून घेतलं. उच्च न्यायालयाचा निकाल यायला १९३७ चा मार्च उजाडला. आणि तुमचं गाव तर निजामाच्या राज्यात, तिथे मुंबई कौन्सिलचा ठराव लागूही नाही. तुमच्या त्या घडीव पायऱ्यांवर अर्ध्या गावाला पाऊल टाकता येत नव्हतं. कुणीतरी वरून ओंजळीत पाणी ओतेपर्यंत घागर घेऊन ताटकळत उभं राहायचं.

आता तुमचे नियम लावून बघा. बारवेच्या आसपास झोपलेल्यांची स्वप्नं जुळतात. अंतर कितीही ठरवा, ते बारवेपासून चहूबाजूंना सारखंच जाणार, त्यात महारवाडाही येणार. म्हणजे दिवसा जिला पायरी चढू देत नाहीत ती रात्री तुमच्या पाटलाच्या माजघराच्या दारात उभी. आणि स्वप्नातलं देणं जागेपणी फेडायचं असतं. स्वप्नात तहानलेल्या पाटलाने तिच्या घागरीतलं पाणी प्यायलं, तर सकाळी तो काय करेल?

कोपऱ्यावरची_काकू

झाली कथा.

टाळमृदुंग

पाणवठाताई, याला आपल्या परंपरेत प्रत्यक्ष दाखला आहे. संत बहिणाबाई कोल्हापूरला असताना जयरामस्वामींच्या कीर्तनात तुकोबांचे अभंग ऐकत होत्या. तुकोबांना त्यांनी पाहिलेलंही नव्हतं. स्वप्नात तुकोबा आले, मस्तकी हात ठेवला, मंत्र दिला. बहिणाबाई ब्राह्मणाची बायको, त्या काळच्या हिशेबात तुकोबा शूद्र. नवरा भडकला, शूद्र गुरू केला म्हणून त्यांना मारहाण झाली. आकुर्डीवाल्यांचं म्हणणंही इथे लागू पडतं : कीर्तन हीच त्यांची शिळा, जोडणी आधी तिथे झाली. पण सकाळी सांगितल्याची किंमत मोजली ती त्यांनी एकटीने.

बोरूबहाद्दर

पाणवठा, तुमच्या प्रश्नानंतर कथा पुन्हा सुरुवातीपासून मांडायला घेतली. आत्ताचा आराखडा असा : पाटलाला स्वप्नात पाणी मिळतं, सकाळी तो अस्वस्थ. नियम गावाचा, मोडला तर बारव आटेल अशी धास्ती. फेडायचं म्हणजे तिला बारवेतून पाणी काढून द्यायचं, म्हणजे पायरीवर घ्यायचं. दहा पानं त्याची घालमेल, शेवटी तो तिला बोलावतो. ती पायऱ्या उतरते.

पाणवठा

नको. ही पाटलाच्या मनपरिवर्तनाची कथा झाली, आणि अशा पुष्कळ आहेत. तिला तुम्ही घागरीसकट फक्त त्याच्या स्वप्नात उभं केलंत. तिचं स्वप्न काय होतं? ती त्या रात्री कुठे निघाली होती की तिला वाटेत हा तहानलेला इसम भेटला? कथा तिच्याकडून सांगा.

निद्रानाशक

तांत्रिक मुद्दा, पण उपयोगी पडेल. जाग आल्यावर काही मिनिटांत स्वप्नाचा बराचसा भाग पुसला जातो, आणि रेममधून थेट जाग आली तर जास्त आठवतं. पाटील सकाळी आठला आळस देत उठणार. ती कोंबडं आरवायच्या आधी जात्यावर बसायला उठणार, म्हणजे ऐन रेममधून. तेव्हा ते स्वप्न नीट आठवत असेल तर तिला. त्याच्याकडे फक्त घशातला ओलावा आणि काहीतरी देणं लागतोय एवढी खात्री.

चिरेबंदी

वा. मग तो पायऱ्यांवर येऊन एकेकीला विचारत बसेल, माझं स्वप्न कुणाच्यात होतं? आणि वरच्या टप्प्यावर जमलेल्यांपैकी कुणाचंच नसेल.

अथेन्स_व्हाया_आकुर्डी

आणि सांगितल्याशिवाय जोडणी पुरी होत नाही, हे तर आपण ठरवलंच आहे. त्याला देणेकरी म्हणून उभं राहायला तिची साक्ष लागणार. तिने सांगायला नकारच दिला तर? ती घागर घेऊन बाहेर उभी आहे, सगळं ऐकतेय, तिला ठाऊक आहे तो कुणाचं देणं लागतो. गप्प राहते.

पाणवठा

हां, असं. ती का गप्प राहते यावर मात्र कथेत एकही वाक्य खर्च करू नका. आणि बारव आटवायचीच असेल तर कुणाच्या पापाने आटली याचा खुलासा गावाला करू द्या, तुम्ही करू नका. गाव खोटंच सांगेल.

बोरूबहाद्दर

मान्य. पाटलाला मधल्या भागात ढकललं. सुरुवात जात्यावर, काळोखात, तिला सगळं आठवतंय तिथून. मसुदा झाला की पाणवठा आणि निद्रानाशक, तुम्हाला व्यक्तिगत निरोपातून पाठवतो. चिरेबंदी, वालूरला जायचं तर परभणीहून गाडी कुठून मिळते तेवढं सांगा.

कोपऱ्यावरची_काकू

आणि तूप? पावशेर तुपाचा चावडीवरचा वाद ठेवलाय ना? तो काढलात तर मी अंक विकत घेणार नाही.